अकरा मिनिटांची बोळवण

१

लग्नघरात सगळ्यांत बिनमानाचा पाहुणा कोण, तर व्हिडिओवाला. नवरदेवाच्या काकाला पुढची खुर्ची मिळते, बेंजोवाल्यांना दोनदोनदा चहा मिळतो, आणि हा बापडा सगळ्यांची जेवणं टिपून झाल्यावर पातेल्याच्या तळाच्या भातावर बसतो. पण सीडीला पंधरा दिवस उशीर होऊ द्या, मग बघा! त्याच्याइतकी आठवण सासरी गेलेल्या मुलीचीसुद्धा निघत नाही.

प्रितेशला हे पक्कं ठाऊक होतं, म्हणून तो वेगाच्या मागे लागला. भिवंडीत मंडईमागच्या गल्लीत, खाली कापड विणायच्या लूमचा कारखाना आणि वर त्याची दहा बाय बाराची खोली. बोर्ड ‘पार्वती व्हिडिओ’. पार्वती म्हणजे त्याची आई. घरात पहिला कॅमेरा आला त्याच्या आदल्या वर्षी ती गेली, त्यामुळे तिचा हलता-बोलता असा एक तुकडासुद्धा कुणाकडे नव्हता. होता तो रेशनकार्डाचा फोटो, आणि त्यात ती फोटोवाल्यावर चिडल्यासारखी दिसते.

पूर्वी एका लग्नाचं मिक्सिंग, म्हणजे कापणं-जोडणं, करायला त्याला चार दिवस लागत. दोन हजार सातच्या सीझनपर्यंत तो अर्ध्या दिवसावर आला होता. माउस बाजूला सारायचा आणि बोटं कीबोर्डवरून उचलायचीच नाहीत, हे त्याचं पहिलं गुपित. जे दाबलं की चित्र मागे, के दाबलं की थांबलं, एल दाबलं की पुढे. एल आणखी एकदा दाबलं की दुप्पट, आणखी एकदा की चौपट. सगळं लग्न तो चौपट वेगातच बघायचा. वऱ्हाडी मुंग्यांसारखे धावत, भटजी किचकिच करत, आणि नवरी सासरी जायची ती एखाद्या मिनिटात.

दुसरं गुपित म्हणजे त्याचा साचा. गणपती, गुलाबाच्या पाकळ्या, नावं उडत येणार, मग धवला, मग हळद, सगळं आधीच मांडून ठेवलेलं. नवीन लग्न आलं की फक्त माणसं भरायची.

आता धवल्याचं सांगायला हवं. आगऱ्यांच्या लग्नात धवलारीण बसते आणि धवला गाते. ती आधी देवांना मांडवात बोलावते, मग घरातल्या गेलेल्या माणसांना, अगदी नाव घेऊन. पण हल्ली तिचा आवाज बेंजोखाली चिरडून जातो. प्रितेशकडे एकच धवला लख्ख होता, त्याच्या बहिणीच्या, उन्नतीच्या लग्नातला. तेव्हा त्याने पुतळाबाई धवलारणीच्या तोंडाशी स्वतः माइक धरला होता. त्यातले चाळीस सेकंद त्याने साच्यात घातले. चित्रात नुसता दिवा आणि पुतळाबाईचे हळदीचे हात, कुणाच्याही लग्नात खपतील असे. आणि आवाज, ‘पार्वती, ये गो माय, लेकीच्या मांडवाला ये.’

एका गिऱ्हाइकाने थट्टा केली होती, "काय रे, धवल्यात पण दुकानाची जाहिरात?"

प्रितेश हसला होता. खरं सांगायचं तर आईचं नाव घरोघरी जातं याचं त्याला मनातून बरं वाटायचं. एकशे चाळीस लग्नांत ते नाव गेलं.

२

मार्चातली दुपार. पूर्णा गावच्या महादूशेठच्या मुलाचं लग्न साच्यात भरून झालं होतं. भरलेलं काम तो एरवी पुन्हा बघत नसे, पण शेठचं काम, म्हणून शेवटची नजर टाकायला प्रितेशने एल तीनदा दाबलं. हळद सुरू झाली. बाया हळद फासून पळत होत्या, पोरं नाचत होती, ताटं उडाल्यासारखी इकडून तिकडे जात होती.

त्या सगळ्यांमधून एक बाई चालत होती.

नुसती चालत होती. आपण बाजारातून घरी येतो तशी, नेहमीच्या चालीने.

त्याने के दाबलं. मागे गेला, एकपट वेगाने पाहिलं. आता नाचणारे नाचल्यासारखे दिसत होते आणि ती बाई पाण्यातून चालल्यासारखी एकेक पाऊल टाकत होती. हिरवं लुगडं, पाठमोरी, छातीशी काहीतरी धरलेलं. म्हातारी असेल, गुडघे गेले असतील. त्यात काय एवढं?

पण चौपटीत गुडघे गेलेली बाईसुद्धा तुरुतुरु धावायला हवी की नाही? तिला तेवढी सूट कुणी दिली?

फ्रेम गळल्या असतील, त्याने स्वतःला समजावलं. पण फ्रेम गळतात त्या सगळ्यांच्या गळतात, एका बाईच्या नाही. मग हार्डडिस्क भरली असेल. त्याने दोन दिवस घालवून कॉम्प्युटर पुसला, सगळं नव्याने घातलं, कोन गावच्या एका लग्नाचं काम घेतलं आणि साच्यात भरून चौपट लावलं.

कोनच्या मांडवात, जेवणाच्या पंगतींमधून, ती चालत होती.

३

महादूशेठ सीडी घेऊन गेला आणि आठवड्याने परत आला. पूर्णाला गोदामाला जमीन दिल्यापासून त्याचा आवाज चढला होता, पण त्या दिवशी तो खालच्या सुरात बोलला.

"प्रितेश, भांडायला न्हाय आयलो. आमच्या आईनं पाठवलंय. हलदीत एक बाई हाय बघ, हलूहलू चालते. कोण ती?"

"तुमच्याकडची असेल ना, शेठ."

"आमी म्हटलं पोरीकडची. पोरीकडचे म्हणतात तुमची. सगल्यांना इचारलं. आई म्हणते, बाई मांडवभर फिरली, एकानं जेवायला बस म्हटलं न्हाय. तिचा पत्ता गावला तर साडीचोली घेऊन माफी मागून येते म्हणते. तीन दिवस आईच्या घशाखाली घास उतरत न्हाय, काय करू?"

प्रितेशने ती जागा काढून दिली. महादूशेठ स्क्रीनजवळ वाकला.

"हीच. आन् हातात बघ काय धरलंय. पिशवी हाय. चपला हायत त्याच्यात. आता मांडवात चपला कोण उचलून घेऊन फिरतो, सांग!"

प्रितेशने चित्र मोठं केलं. पांढरी प्लास्टिकची पिशवी, गाठ मारलेली, आतून चपलांचे अंगठे दिसत होते.

"बघतो मी, शेठ. विचारून सांगतो," तो म्हणाला. महादूशेठ जिना उतरून गेला तरी प्रितेशचा हात कीबोर्डवर तसाच होता.

त्याच्या आईच्या नव्या चपला एकदा मावशीच्या लग्नात मांडवाबाहेरून गेल्या होत्या. त्यानंतर ती मरेपर्यंत कुठल्याही लग्नाला गेली तरी चपला पिशवीत घालायची, गाठ मारायची आणि छातीशी धरून बसायची. जेवताना पिशवी मांडीखाली. लहानपणी त्याला याची इतकी लाज वाटायची की तो तिच्यापासून लांब, पोरांच्या पंगतीत जाऊन बसायचा. ती मग पंगतीपंगतीतून पिशवी वाजवत त्याला शोधत यायची आणि सगळ्यांसमोर विचारायची, जेवलास का रं बाला?

४

दुसऱ्या दिवशी दुपारी एकला लाइट गेली. भिवंडीत लाइट गेली की आधी लूम थांबतात. दिवसभर कानात खटखट चालू असते तोवर माणसाला ती ऐकूही येत नाही, आणि थांबली की अंगावर काटा येतो. इन्व्हर्टरवर प्रितेशचा कॉम्प्युटर मात्र चालू होता.

तो शिकलेला माणूस, भुताखेतांवर हसणारा. त्याने शिस्तीत तपासायचं ठरवलं. महादूशेठची मूळ कॅसेट लावली. पूर्ण हळद पाहिली. बाई नव्हती. तीच हळद साच्यात टाकली, मागेपुढे काही न लावता. बाई नव्हती. मग पुढे धवल्याचे चाळीस सेकंद जोडले.

बाई होती.

धवला काढला, गेली. लावला, आली. सहा वेळा केलं. सातव्या वेळी त्याच्याने होईना, कारण हे दार उघडून माणसाला आत घ्यायचं आणि तोंडावर बंद करायचं असं चाललं होतं.

मग त्याने जुन्या कामांच्या ठेवलेल्या सीडी एकेक करून लावल्या. अंजूरचं लग्न, खारबावचं, कोनचं. सगळीकडे ती. पण आता त्याला कळलं, ती नुसती फिरत नव्हती. प्रत्येक तरुण पोराच्या पुढ्यात थांबायची, मान वर करून तोंड बघायची, आणि पुढे जायची. स्टेजवर नवरीपाशी जायची, वाकून तोंड बघायची, आणि परत यायची. पहिल्या लग्नांत तिचं लुगडं कोरं होतं. पुढेपुढे काठ मळला. शंभराच्या पुढे पाय घोट्यांपर्यंत धुळीने भरलेले, आणि पिशवीला दोन जागी भोकं.

आवाज त्याने शेवटी लावला. चौपटीत माणसं चिमण्यांसारखी किचकिचतात, शब्द कळत नाही. त्या किचकिचाटात एक आवाज सरळ होता, थकलेला, कोपऱ्यात कुणाशी तरी बोलावं तसा.

"ह्यो बी आमचा मांडव न्हाय. माजी उन्नती कुठं हाय? पोरीचं लगीन हाय म्हणून बोलावलंय मना..."

खोलीत पिशवी वाजली. स्पीकरमधूनच वाजली असणार. प्रितेशने मागे वळून पाहिलं नाही. तेवढा धीर त्याच्यात नव्हता, आणि नव्हता म्हणून त्याला कुणी नावंही ठेवू नयेत.

५

आता तुम्ही म्हणाल, कळल्यावर त्याने तो धवला त्याच क्षणी उडवला असेल. नाही उडवला. उलट त्याने पंधरा दिवसांत नऊ लग्नं उरकली, इतक्या वेगाने त्याने जन्मात काम केलं नव्हतं. काम भराभर संपवायचं, साच्यात भरायचं, धवला जोडायचा आणि चौपट लावून बसायचं. आई दिसायची. चालताना, पदर खोचताना, कपाळाचा घाम पुसताना. सात वर्षं ज्याच्याकडे एक चिडका फोटो होता, त्याला कुणी हे दिलं तर तो सोडेल का? तिला त्रास होतोय हे त्याला दिसत होतं. दिसत होतं, आणि तरी तो एल दाबत होता. याचीच त्याला पुढे जन्मभर लाज वाटली.

बिंग बापाने, केसरीनाथने, फोडलं. तो अंजूरच्या घरून रिक्षाने जेवणाचा डबा घेऊन आला, कारण पोरगा घरी जेवायला येईनासा झाला होता. जिना चढून धापा टाकत दारात उभा राहिला, आणि त्याची नजर स्क्रीनवर गेली.

प्रितेशला के दाबायला सुचलं नाही.

म्हाताऱ्याने डबा खाली ठेवला, चष्मा पुसला, खुर्ची ओढून घेतली. पार्वती एका पंगतीतून दुसऱ्या पंगतीत गेली, तिसरीत गेली, खांबाला टेकली, पुन्हा निघाली. केसरीनाथने बोट पुढे करून काचेला लावलं, तिच्या पायांपाशी.

"कवापासून?"

प्रितेशने सगळं सांगितलं. एकशे चाळीस आणि वर नऊ, सगळं.

"दमलीय रं ती," म्हातारा म्हणाला. "सात वर्षांनी बायको दिसली, मना बरं वाटाया पायजे. पन बघ की, किती दमलीय. कोनी बसवा रं तिला कुठंतरी."

आणि केसरीनाथ, ज्याने बायकोच्या तेराव्यालाही डोळ्यांतून टिपूस काढलं नव्हतं, तो टेबलावर डोकं ठेवून रडला. प्रितेशने धवला उडवला. स्क्रीनवर पंगत तशीच धावत राहिली.

६

पुतळाबाईचं वय ऐंशीच्या पुढे. अंजूरला खाडीकडच्या आळीत, ओट्यावर ती वाल सोलत बसली होती. तिने सगळं ऐकून घेतलं, मध्ये एकदाही थांबवलं नाही.

"मी बोलावलं तवढं ठेवलंस," ती शेवटी म्हणाली. "शेवटाला मी बोलवण, निरोपाचं गानं, गायली व्हती. ती कुठं हाय?"

"ती लांब होती, मावशे. अकरा मिनिटांची. कापली. त्याच कॅसेटवर पुढचं लग्न घेतलं."

"आरं मुडद्या!" वालाच्या शेंगा पुतळाबाईच्या मांडीवरून सांडल्या. "पावण्याला बोलावून निरोप न द्येता दार लावून घेतं का कोनी? आन् त्ये बी दुसऱ्याच्या घरी?"

प्रितेश खाली मान घालून शेंगा गोळा करू लागला. तेव्हा म्हातारीचा आवाज उतरला.

"कॅमेरा घेऊन ये. उन्नतीला सासरहून आन. बाप समोर पायजे. पान वाढा. मी गाईन तवढं सगलं घे, एक अक्षर कापायचं न्हाय."

"मग ती दिसायची नाही ना पुन्हा?"

पुतळाबाईने त्याच्या हातातल्या शेंगा काढून घेतल्या आणि पुन्हा सोलायला लागली.

मंगळवारी दुपारी अंजूरच्या घरी अंगणात दिवा लावला. उन्नती आली, आईच्या आवडीची सुकटाची चटणी तिने स्वतः वाटली. भात, वालाचं बिरडं, चटणी, असं पान वाढलं. पानाच्या एका बाजूला केसरीनाथ, दुसऱ्या बाजूला उन्नती, मध्ये रिकामा पाट. प्रितेश कॅमेऱ्यामागे. पुतळाबाईचा आवाज आधी फाटला, मग हळूहळू जमला. अंगणात काहीही झालं नाही. कावळा ओरडला, शेजारच्या गोदामावर ट्रक मागे घेताना शिट्टी वाजत राहिली. एवढंच, की शेवटाला प्रितेशला आपल्या गालाला काही ओलसर, खरखरीत लागल्यासारखं वाटलं. घाम असेल म्हणून त्याने बाहीने पुसलं.

७

खोलीवर येऊन त्याने टेप कॉम्प्युटरवर उतरवली. चाळीस सेकंदांचं बोलावणं लावलं आणि त्याला अकरा मिनिटांची बोळवण जोडली. बोटं सवयीने एलवर गेली. त्याने ती उचलली आणि दोन्ही हात मांडीखाली दाबून बसला. आयुष्यात पहिल्यांदा तो एखादी गोष्ट पहिल्यापासून शेवटपर्यंत तिच्या स्वतःच्या वेगाने बघणार होता.

अंगण. दिवा. पान. बाप खाली बघतोय, उन्नती पदराने डोळे टिपतेय. पहिलं मिनिट, दुसरं, तिसरं. खाली लूम चालू होते.

चौथ्या मिनिटाला चौकटीच्या डाव्या कडेतून दोन पाय आले. धुळीने भरलेले. ते सावकाश नव्हते, घाईतही नव्हते. बाप ज्या वेगाने श्वास घेत होता, त्याच वेगाने ते चालत पाटाशी आले. गाठ मारलेली पिशवी मांडीखाली गेली. बाकी सगळं दिव्याच्या उजेडात धुरकट होतं, पण पानावरचा हात दिसला. बिरड्याला, मग चटणीला बोट लागलं. उन्नतीच्या डोक्यावरून तो हात एकदा फिरला, आणि चित्रातली उन्नती काही कळल्याशिवायच हुंदका देऊन थांबली.

दहाव्या मिनिटाला पाय उठले. पिशवीची गाठ सुटली. चपला जमिनीवर ठेवल्या गेल्या आणि पाय त्यांत गेले. सगळ्या लग्नांत मिळून पहिल्यांदा.

मग ते दाराकडे वळले नाहीत. कॅमेऱ्याकडे आले. जवळ, आणखी जवळ, चौकटीच्या बाहेर, जिथे कॅमेऱ्यामागे तो स्वतः उभा होता तिथे. चित्रात पुन्हा रिकामं अंगण राहिलं, आणि माइकच्या अगदी जवळ आवाज आला.

"गावलास. जेवलास का रं बाला?"

मंगळवारचा तो शर्ट अजून त्याच्या अंगात होता. त्याने गाल पुसलेली बाही उजेडात धरली. तिच्यावर वालाच्या बिरड्याचा पिवळा डाग होता.

"नाही गं आई," तो म्हणाला आणि लहान पोरासारखा रडला.

पुढचे चार महिने त्याने दुसरं काम घेतलं नाही. घरोघरी फिरून जुन्या सीडी मागून घेतल्या, तो धवला काढून नव्या दिल्या. महादूशेठच्या आईपाशी तर तो तासभर बसला, आणि तिने खरोखरच साडीचोळी दिली, ती त्याने उन्नतीला नेसवली. एकशे अठ्ठेचाळीस सीडी परत आल्या. एक राहिली. पूर्णाचंच एक घर, जमीन गोदामाला देऊन कुठे निघून गेलं ते शेजाऱ्यांनाही ठाऊक नाही. ती सीडी कुणाच्या तरी कपाटात आहे, आणि कधीतरी, चार पाहुणे आले की कुणीतरी ती लावतं.

ते प्रितेशला कळतं. दुपारी लाइट जाते, खालचे लूम थांबतात, आणि जिन्यावर पिशवी वाजते. तेव्हा तो हातातलं काम टाकतो, कितीही घाईचं असलं तरी. अकरा मिनिटांची बोळवण लावतो, डबा उघडतो, झाकणावर अर्धा भात काढून समोरच्या खुर्चीपुढे ठेवतो आणि आपण जेवायला बसतो. कीबोर्डला हात लावत नाही.